उकळलेला जबडा

शनिवार, ११ फेब्रुवारी १९६१. सकाळी आठ वाजून दहा मिनिटांनी मी पातेले स्टोव्हवर चढवायला सांगितले. वेळ नक्की आठवते. प्रत्येक कृतीची वेळ फळ्यावर खडूने लिहिण्याचा माझा नियम होता, आणि त्या दिवशीचा आकडा मी नंतर बराच वेळ पाहत बसलो.

मी तेव्हा औरंगाबादच्या एका महाविद्यालयात प्राणिशास्त्राचा डेमॉन्स्ट्रेटर होतो. वय तीस. शाळेतले शिक्षण निजामाच्या राज्यात उर्दूतून झालेले. पदवी पोलीस अॅक्शननंतर इंग्रजीतून घेतलेली. समुद्र पाहिलेला नव्हता. ते मी कुणापासून लपवत नसे आणि कुणाला सांगतही नसे.

पातेल्यात शार्कचा जबडा होता. आमचे विभागप्रमुख रत्नागिरीकडचे. गावाहून परतताना त्यांनी तो मिठात घालून पत्र्याच्या डब्यातून आणला होता. सोमवारी विद्यापीठाची समिती विभाग पाहायला येणार होती. "सोमवारी हा टेबलावर दिसला पाहिजे," असे शुक्रवारी संध्याकाळी सांगून ते घरी गेले. कसा साफ करायचा, ते त्यांनी सांगितले नाही. मी विचारले नाही.

साफसफाईचे काम प्रयोगशाळेच्या परिचरांचे. विद्यार्थी त्यांना चाचा म्हणत; मीही म्हणत असे. पन्नाशी उलटलेली. घराणे हिमरू विणणाऱ्यांचे. माग बंद पडल्यावर ते आमच्याकडे आले आणि सात वर्षे हंगामीच राहिले. आता परिचराची एक कायम जागा मंजूर झाली होती. तिची शिफारस विभागप्रमुख सोमवारी करणार होते, आणि बाहेरचा एक मॅट्रिक झालेला उमेदवार रांगेत उभा होता. चाचांच्या बाजूने बोलणारे त्यांचे काम तेवढे होते. नमुना बिघडला तर तेही बोलणार नव्हते. हे त्यांना ठाऊक होते, मलाही.

आमची रीत ठरलेली होती. शहरातून बोकडाची मुंडी यायची, मेलेले कुत्रे यायचे, कधी घुबड. धुण्याचा सोडा घालून दोन तास उकळायचे, ब्रशने घासायचे, उन्हात ठेवायचे. हाड पांढरेशुभ्र निघे. त्या कपाटातली एकूण एक कवटी चाचांच्या हातची होती.

चाचांनी जबडा उचलला आणि कडेला अंगठ्याने दाबला.

"साब, ये हड्डी नहीं है."

"मग काय आहे?"

"कान के माफिक लगता. देखो, मुड़ रहा."

"ओला आहे म्हणून. नेहमीप्रमाणे करा. दोन तास."

"सोडा भी डालूँ?"

"सोडाही."

"सर कू एक बार पूछ लेते क्या? औरंगपुरा कित्ता दूर है. सैकल पे जाके आतूँ."

"चाचा, मग मी इथं कशाला आहे?"

"हौ, वो भी बराबर है," ते हसून म्हणाले आणि स्टोव्हला पंप मारू लागले.

शार्कचा सांगाडा हाडाचा नसून कूर्चेचा असतो, हे वाक्य मी त्याच वर्षी वर्गात दोनदा लिहून दिले होते. वाक्य वहीत होते. जबडा पातेल्यात होता. दोहोंची गाठ पडली नाही.

दहा वाजून दहा मिनिटांनी झाकण काढले. जबडा नव्हता. वर पिवळट, सरसासारखा दाट थर. चाचांनी पळी तळाला नेली आणि कवड्या ढवळाव्यात तसा आवाज आला.

"या अल्ला. साब, ये तो पाये का शोरबा हो गया."

त्यांनी पळी खाली ठेवली, हात फडक्याला पुसले आणि दुसरीकडे पाहत म्हणाले, "सात साल. दो घंटे में."

सोमवारी विचारले जाणार होते की जबडा कोणी उकळला. चाचांनी, हे उत्तर खोटे ठरले नसते. पंप त्यांनी मारला होता, सोडा त्यांनी टाकला होता. माझी स्वतःची नेमणूक जूनमध्ये कायम व्हायची होती. हे सगळे मला एका क्षणात दिसले. ते दिसले, हेही नोंदवून ठेवतो.

"पहिले दात निकाल लेते," चाचा म्हणाले. "बाकी रोना बाद में."

आम्ही पातेले चाळणीत ओतले, दात पाच पाण्यांनी धुतले आणि लांब टेबलावर काळे कापड अंथरून त्यावर पसरले. तीनशेच्या आसपास होते. काही नखाएवढे, काही अंगठ्याच्या पेराएवढे. शार्कच्या तोंडात पुढच्या ओळीमागे राखीव ओळी निजलेल्या असतात. पुढचा पडला की मागचा उठून पुढे येतो. त्या सगळ्या ओळी आता एकमेकींत मिसळल्या होत्या.

चाचा बराच वेळ नुसते पाहत राहिले. मग त्यांनी दोन दात उचलून शेजारी ठेवले. "ये चौड़ा, ये पतला. ऊपर का, नीचे का."

मी मान हलवली. वरचे रुंद, करवतीच्या धारेचे. खालचे अरुंद, टोचणारे. पुस्तकात होते.

"और ये देखो. इसकी नोक इधर झुकी, इसकी उधर. आधे सीधे हाथ के, आधे बाएँ हाथ के. हिमरू के नक्शे में भी ऐसाच रहता. बेल एक तरफ की उठाव, दूसरी तरफ उलटी आती."

हे पुस्तकात नव्हते. निदान मी वाचले नव्हते. ते मधोमध एक सरळ दात ठेवून दोन्ही अंगांना जोड्या लावत गेले. मी आकारानुसार वेगळे करून त्यांच्याकडे सरकवत राहिलो.

दुपार चढली. शनिवारमुळे इमारत रिकामी होती. खिडकीबाहेरचा कडुनिंब पाने गाळत होता. वारा नसतानाही एकेक पान सुटे आणि घाई न करता खाली येई. टेबलावरचा उजेड सरकत होता. दात आधी पांढरे दिसत, मग दुधी, मग काही क्षण असे की त्यांच्यातून पलीकडचे दिसेल. मला झोप लागली नव्हती, पण मी पुरता जागाही नव्हतो. न पाहिलेला समुद्र मला दिसत होता. त्याला लाटा नव्हत्या, किनारा नव्हता. नुसती खोली होती, निळी, मग काळी. तिच्यातून एक भला मोठा प्राणी जात होता आणि त्याच्या तोंडातून दात गळत होते. दुखत नव्हते त्याला. आयुष्यभर त्याचे दात असेच गळतात, हजारोंनी, आणि तो मागे वळून पाहत नाही. दात सावकाश खाली जात होते. किती वेळ जात होते, ते सांगता येणार नाही. तळाशी पोचल्यावर आवाज झाला नाही.

भान आले तेव्हा मी कपाटाजवळ उभा होतो आणि हातात खालच्या खणातला एक दगडी दात होता. जुन्या राजवटीत कुणीतरी तो विभागाला दिला होता. चिठ्ठीवर उर्दूत लिहिले होते: दंदान-ए-माही, मुतहज्जर. माशाचा दात, दगड झालेला. रंग ओल्या पाटीसारखा, वजन अपेक्षेपेक्षा जास्त, आणि धारेवरून नख फिरवले तर दाते अजून लागत. तो आमच्या भागातला असणे शक्य नव्हते. आमच्या गावाखालचा दगड लाव्हाचा; त्यात माशाला जागा नाही. कोणत्या समुद्राचा, ते चिठ्ठीवर नव्हते.

तो मी काळ्या कापडावर, पांढऱ्या दातांच्या शेजारी ठेवला. आकार तोच. चाचांनी तो उचलून तोलला.

"इसका जबड़ा किधर है?"

"नाही. विरघळला. कूर्चा टिकत नाही. जुन्या शार्कचे बहुधा दातच सापडतात."

"कित्ते बरस का है?"

"लाखो."

ते दगडी दाताकडे आणि चाळणीतल्या चिकट गाळाकडे आळीपाळीने पाहत राहिले. "मतलब अल्ला ने भी उबालाच," ते म्हणाले. "बस स्टो धीमा रखा." मग झाकण काढल्यापासून पहिल्यांदा हसले. मीही हसलो असेन. खात्री नाही.

साडेतीनला शेवटची जोडी लागली. उरलेले, जोडी नसलेले दात त्यांनी कापडाच्या एका कोपऱ्यात ठेवले. हात धुताना म्हणाले, "सर पूछे तो बोल देना, बुड्ढे ने उबाला. आपकी तो अभी पूरी नौकरी बाकी है."

मी सायकल काढली.

विभागप्रमुख औरंगपुऱ्यात भाड्याने राहत. दारातच भेटले.

"उकळला? किती वेळ?"

"दोन तास."

"सोडा घालून?"

"हो."

"या मुशीचं कालवण करायला दिला होता का मी तुम्हाला? आमच्याकडचं शेंबडं पोरही कोळणीच्या पाटीशेजारी बसून शिकतं हे. तुम्ही घाटावरची माणसं म्हणजे..." ते थांबले. "कोणी केलं?"

"मी करायला लावले. परिचरांनी दोनदा अडवले. हे हाड नाही म्हणाले. तुम्हाला विचारून येतो म्हणाले. मी ऐकले नाही."

"त्यांना कसं कळलं?"

"हाताला कळले."

"आणि तुम्हाला?"

"मला ते पाठ होते."

ते चपला घालून माझ्याबरोबर चालत आले. सायकल मी हाती धरून नेली.

प्रयोगशाळेत ते टेबलावर वाकून उभे राहिले. डावीकडून उजवीकडे गेले, परत आले. एक दात उचलला, नोक पाहिली, तिथेच ठेवला. चाचा भिंतीला पाठ लावून उभे होते.

"हे डावे-उजवे कोणी लावले?"

"यांनी," मी म्हणालो.

"जबडा गेला तो गेला. हे असंच राहू द्या. तो दगडी दातही इथंच असू दे. निदान शिकवता येईल." मग माझ्याकडे वळून: "झालं ते सगळं लिहून द्या. तुमच्या फायलीला लागेल."

"लागू दे."

लागले. मी एक वर्ष उशिरा कायम झालो.

ते दारापर्यंत गेले आणि चाचांना म्हणाले, "तुमचा अर्ज कुठे आहे?"

चाचांनी खिशातून चार घड्यांचा कागद काढला. प्रमुखांनी तो उलटा धरला, मग सुलटा. "मला हे वाचता येत नाही. कार्यालयही आता उर्दूतलं घेत नाही." त्यांनी कागद माझ्याकडे दिला. "मराठीत करून उद्या सकाळी घरी आणा. शिफारस मी खाली लिहितो."

तिथेच, खिडकीजवळच्या स्टुलावर बसून मी अर्ज मराठीत उतरवला. मूळ मजकूर लांब आणि अदबीचा होता, सुरुवातीच्या चार ओळी नुसत्या सलामाच्या. मी त्या दोन शब्दांत आणल्या. चाचा म्हणाले, "इत्ते में हो गया?" मी पुन्हा लिहिला आणि त्यांच्या चारही ओळी राहू दिल्या. सही त्यांनी त्यांच्या लिपीत केली.

घरी आलो. अर्ज घालायचे पाकीट जुने होते, त्याचा डिंक सुटला होता. ताटातल्या भाताची चार शिते कडेला चोळून मी ते बंद केले.