ब्रिगेडियरसाहेब चार्ज घेतात

किस्से कोणी मुद्दाम जमवत नाही. नोकरी सुटून काही वर्षं गेली की ते आपोआप साठलेले असतात. दुबईत चार मराठी घरं एकत्र जमली की पोहे यायच्या आत कोणीतरी म्हणतंच, "वैशाली, तुझ्या त्या ब्रिगेडियरचं सांग ना." मी आढेवेढे घेत नाही. मला सांगायला आवडतं, आणि खरं सांगू, तो माणूसही मला फार आवडायचा.

तर मी तेव्हा जुमेरा लेक टॉवर्समध्ये एका बांधकाम कंपनीत सेक्रेटरी होते. दोन हजार आठच्या सुरुवातीला आमच्याकडे ऑपरेशन्सचे डायरेक्टर म्हणून ब्रिटिश आर्मीतून रिटायर झालेले एक ब्रिगेडियर आले. चौतीस वर्षांची फौजेतली नोकरी, सहा फूट उंची, उन्हाने कायमचा लालबुंद झालेला चेहरा. माझ्या शेजारच्या टेबलावर अ‍ॅडमिन मॅनेजर साठे बसायचे, पुण्याचे. ऑफिसातल्या खुर्च्यांपासून सर्व्हेच्या उपकरणांपर्यंत सगळं त्यांच्या ताब्यात. त्यांची जुई त्या वर्षी दहावीला होती. पुढच्या मार्चमध्ये बोर्डाची परीक्षा, आणि सेंटर दुबईतच. एवढं लक्षात असू द्या.

*

साहेबांची पहिलीच साइट मीटिंग. समोर एक अरब कॉन्ट्रॅक्टर, तारखा देण्यात पटाईत. साहेबांनी विचारलं, स्लॅब रविवारी होणार का? तो छातीवर हात ठेवून म्हणाला, "इन्शाल्ला."

आम्ही सगळे समजलो की रविवार गेला. साहेबांनी मात्र मान डोलावली आणि अस्खलित अरबीत विचारलं, दुपारच्या नमाजाआधी की नंतर? तरुणपणी कॅप्टन असताना ते दोन वर्षं ओमानमध्ये तिथल्या सैनिकांना ट्रेनिंग द्यायला होते, हे आम्हाला तेव्हा कळलं. कॉन्ट्रॅक्टरचा चहाचा कप तसाच अधांतरी. मग तो हळूच म्हणाला, "नंतर, हबीबी."

स्लॅब रविवारी दुपारनंतर झाला! त्या दिवसापासून आमच्या मीटिंगमध्ये इन्शाल्ला म्हणण्याआधी माणसं घड्याळ बघायला लागली.

*

साहेबांच्या केबिनमध्ये त्यांचा युनिफॉर्ममधला एक फोटो होता, छातीभर मेडल्स. साठ्यांना नसत्या चौकशा फार. एक दिवस न राहवून त्यांनी विचारलं, ही कुठल्या कुठल्या लढाईची?

साहेब बोट ठेवत गेले. हे सायप्रसचं, तिथे सहा महिने ऊन खाल्लं. हे उत्तर आयर्लंडचं, तिथे पावसात उभा राहिलो. हे राणीच्या ज्युबिलीचं, त्या वर्षी मी जिवंत होतो. साठ्यांचा चेहरा पडला. निदान जखम तरी कधी झाली असेल?

"एकदा. जर्मनीत," साहेब म्हणाले. साठे खुर्ची पुढे ओढून बसले. "पलटणीच्या बोकडाने मारलं."

त्यांच्या पलटणीत म्हणे बोकड पाळायची रीत होती. परेडला तो सगळ्यांच्या पुढे चालायचा आणि त्याला चक्क रँक असायची. साहेबांना ढुशी मारल्याबद्दल त्याची रँक काढून घेतली आणि सहा महिन्यांनी परत दिली. "माझी मात्र आठ दिवसांची रजा गेली ती गेलीच," साहेब म्हणाले. साठ्यांनी घरी जाऊन हे सगळं सांगितलं, तर जुई म्हणाली, "बाबा, दॅट्स सो फेक." साठे दुखावले. साहेबांवर अविश्वास त्यांना चालायचा नाही.

*

रुवैसला आमची एक साइट होती. दुबईहून गाडीने चांगलं तीनेक तासांचं अंतर. साहेब पहिल्यांदा तिथे गेले तेव्हा साठे आणि मीही बरोबर होतो. दुपारी कामगारांच्या मेसमध्ये कॅम्प बॉसने साहेबांसाठी वेगळं टेबल मांडलं होतं, पांढरी चादर, कापलेली फळं वगैरे. साहेबांनी तिकडे बघितलंसुद्धा नाही. ताट घेतलं आणि रांगेच्या शेवटी जाऊन उभे राहिले. आमच्याकडे ऑफिसर शेवटी जेवतो, म्हणाले.

झालं! साहेब उभे म्हटल्यावर आम्हीही उभे. पाऊण तासाने आमचा नंबर लागला तेव्हा पातेल्याच्या तळाशी नुसता रस्सा होता. आम्ही रस्सा, खुबूस आणि कांदा खाल्ला. खुबूस म्हणजे इथली जाड रोटी, गार झाली की दातांची परीक्षा बघते. साठ्यांचं पित्त खवळलं आणि परतीच्या वाटेवर त्यांनी दोनदा गाडी थांबवायला लावली.

दुसऱ्या दिवशी साहेबांनी मला साइटचा रिपोर्ट डिक्टेट केला. काँक्रीटवर चार पानं. आणि शेवटी एक ओळ: रांगेतल्या शेवटच्या माणसापर्यंत बटाटा पोचत नाही. त्या आठवड्यापासून तिथे दोन पातेली जास्त चढायला लागली.

*

मग मंदी आली. आमच्या खिडकीतून सात क्रेन दिसायच्या, त्यातल्या सहा थांबल्या. डिसेंबरमध्ये हेड ऑफिसने साहेबांकडे कमी करायच्या माणसांची यादी पाठवली. साठ्यांचं नाव त्यात होतं. जानेवारीअखेर नोकरी संपणार, व्हिसा कॅन्सल होणार आणि तिथून तीस दिवसांत बायकोमुलीसकट देश सोडायचा. परीक्षा मार्चमध्ये. वर्षभर अभ्यास केलेली पोरगी पेपरच्या तोंडावर विमानात बसणार! साठेवहिनींचा रडून रडून आवाज बसला होता. साहेबांनी हेड ऑफिसला दोन मेल लिहिले, मीच टाइप केले होते. दोन्ही वेळा नाही असंच उत्तर आलं.

त्या संध्याकाळी मी चहा घेऊन गेले तर साहेब आपणहून बोलायला लागले. पूर्वी एकदा सरकारने फौज कमी केली तेव्हा ते कर्नल होते. त्यांच्या पलटणीतल्या माणसांना घरी पाठवायची यादी त्यांच्याकडे आली. त्यांनी एकेकाला आत बोलावलं आणि दुपारच्या जेवणाआधी काम संपवलं. वरच्यांनी फार कौतुक केलं, इतक्या झटपट कोणीच केलं नव्हतं. पुढच्या वर्षी ब्रिगेडियर झाले.

"मी फार भराभर केलं, वैशाली," म्हणाले आणि चहा तसाच ठेवून घरी गेले.

*

जानेवारीच्या शेवटच्या आठवड्यात साठ्यांना चार्ज द्यायला सांगितलं. आमचा नियम असा की चार्ज पूर्ण झाल्याची सही झाल्याशिवाय क्लिअरन्स मिळत नाही, आणि क्लिअरन्सशिवाय व्हिसा कॅन्सलला जात नाही. दुसऱ्या कोणाचं हे काम दोन तासांचं होतं. साहेब म्हणाले, साठ्यांचा चार्ज मी स्वतः घेणार, फौजेच्या पद्धतीने. म्हणजे यादीतली एकेक वस्तू डोळ्यांनी बघून.

पहिल्याच दिवशी कॉन्फरन्स रूममध्ये बाराऐवजी अकरा खुर्च्या भरल्या. सगळं ऑफिस पालथं घातलं. तीन दिवसांनी माझ्या लक्षात आलं की बाराव्या खुर्चीवर साहेब स्वतः बसलेत. ते शांतपणे म्हणाले, मग मोजणी पहिल्यापासून करू. त्यात फेब्रुवारीचा पहिला आठवडा गेला. मग सर्व्हेच्या टेपचे नंबर जुळेनात. मग रुवैसच्या कपाटांच्या किल्ल्या स्वतः तिथे जाऊन लावून बघायच्या होत्या, आणि साहेबांना पंधरा दिवस तिकडे जायला सवड नव्हती.

साठे खचले. मी इतकी वर्षं टाचणी इकडची तिकडे होऊ दिली नाही आणि हा माणूस मला चोर ठरवायला निघालाय, असं ते माझ्यापाशी म्हणायचे. मीही साहेबांवर चिडले होते. इतका मोठा माणूस इतका चिकट कसा, असं वाटायचं. हेड ऑफिस दर आठवड्याला विचारायचं, साठे अजून तिथेच कसे? साहेब मला एकच ओळ टाइप करायला सांगायचे, मोजणी चालू आहे.

मार्च उजाडला. आता यादीतली एकच वस्तू राहिली होती, कागदांना भोकं पाडायचं एक पंचिंग मशीन. ते काही सापडेना. साठे म्हणाले, मी ड्रॅगन मार्टमधून नवीन आणून देतो, यल्ला, चला, खलास करा. साहेब म्हणाले, तेच पाहिजे. साठ्यांनी फाइलींची कपाटं भिंतीपासून ओढून मागे बघितलं.

जुईचा शेवटचा पेपर झाला त्या दुपारी साहेबांनी साठ्यांना केबिनमध्ये बोलावलं. मी फॉर्म घेऊन उभी होते.

"पेपर कसा गेला?"

"चांगला गेला म्हणते, सर."

साहेबांनी स्वतःचा ड्रॉवर उघडला, पंचिंग मशीन काढून टेबलावर ठेवलं, यादीवर शेवटची टिक केली आणि सही केली. मग फॉर्म माझ्यापुढे सरकवला.

"दोन भोकं पाडा आणि फाइलला लावा," म्हणाले.