राशीतलं निळं बी

परतूर स्टेशनावर सकाळच्या गाडीला तो रोज दिसायचा. अंगात वॉचमनचा गणवेश, पायात काळे बूट, हातात मोबाइल आणि त्यात शेतीचा गेम. त्या गेममध्ये एक निळं बी होतं. पीक काढून रास पडली की त्या राशीत कधीतरी, महिन्या-दोन महिन्यांतून एखादंच सापडायचं. रास पडली की हा खाली वाकून बुटांच्या नाड्या सोडायचा, बूट बाकाखाली सारायचा आणि मगच बोटानं धान्य चाळू लागायचा. मला हसू यायचं.

एकदा न राहवून मी म्हणालो, "अहो, गेमच आहे की. बूट कशाला काढता?"

त्यानं मान वर केली नाही. "राशीत पायताण घालून कोन जातंय, सर? सारं वावर नव्या रस्त्यात गेलं. आता रास म्हनून हीच हाये."

तेवढ्यात गाडी आली आणि त्याचं बोट थांबलं. निळं बी सापडलं होतं.

लोक दारांकडे धावले. त्यानं एका हातात बूट उचलले, दुसऱ्या तळहातावर मोबाइल आडवा धरला आणि काही सांडू नये तसा जपत, अनवाणीच डब्यात चढला.