जाहिरातीतला हात

एक जाहिरात आहे, ती लागली की माझी चिऊ तोंड उघडते आणि मालिका सुरू झाली की मिटते. ताप येऊन गेल्यापासून तिनं खाणंच सोडलंय, पार काडी झालीय, मला नुसती धडकी भरते, म्हणून मी मऊ भाताची वाटी घेऊन टीव्हीपुढं बसते आणि त्या एका जाहिरातीची वाट बघते. गाणं चालू असतं, एक बाई रडणारं लेकरू घेऊन उभी असते, माझ्यासारखीच घाबरलेली, मग मागून तिची आई येते आणि तिच्या खांद्यावर हात ठेवते.

काल सासूबाई म्हणाल्या, "एवढी टक लावून बघतेस, कशाची गं ती? साबणाची का तेलाची?"

हात आला की माझे डोळेच भरतात, पुढं काय विकतात ते कधी दिसलंच नाही. माझी आई चिऊ पोटात असतानाच गेली.

आज दुपारी लाईट गेली. चिऊ तोंड उघडेना, मग मीच ते गाणं गुणगुणले, तर तिनं आ केला! एक घास, दुसरा घास. गाण्यात ती हाताची जागा आली, तसा माझा खांदा आपोआप मागं सरकला.