साठ किलोची वजनं

करमाडला माझं आडतीचं दुकान आहे. त्याआधी त्याच बाजारात मी पोती उचलायचो. हमाल आणि आडत्या, दोन्ही बाजूंनी काटा बघितल्यावर मी एकच गोष्ट पक्की शिकलो, की काटा नेहमी आपल्या मालकाच्या बाजूनं बोलतो. त्या सकाळी हीच अक्कल मला नडली.

मुलगी कॉलेजच्या शेवटच्या वर्षाला, छात्रसेनेच्या हवाई शाखेत. शहराबाहेरच्या धावपट्टीवर त्यांची तुकडी आहे. तिथले अधिकारी दोन माणसांच्या इवल्याशा विमानातून या पोरापोरींना एकेक चक्कर मारून आणतात. मुलीनं दोन वर्षं परेड केली, पण उडायचा नंबर लागला नाही. कधी ढग, कधी विमान दुरुस्तीला. हे शेवटचं शिबिर. आणि चक्करच्या आदल्या दिवशी सकाळी सरांच्या फोनवरून ती बोलली, "पप्पा, मला काढलं. वजन जास्त भरलं."

विमान लहान, म्हणून बूट-कपड्यांसकट सत्तर किलोच्या वर कुणाला घेत नाहीत. ही साडेएकाहत्तर भरली. कबड्डी खेळते, हाडापेरानं माझ्यावर गेलीय.

मी फोन ठेवला तेव्हाच माझं डोकं फिरलं होतं. कारण तीस वर्षांपूर्वी मीही याच तुकडीत होतो. तेव्हा ग्लायडर होतं, आणि त्यात फार हलका माणूस चालत नसे. मी एका किलोनं कमी भरलो. "पुढच्या वेळी जेवून ये," एवढंच तिथले साहेब बोलले. पुढच्या वेळेआधी वडील गेले, कॉलेज सुटलं, पाठीवर पोतं आलं. मला मुद्दाम काढलं, हे मी तेव्हापासून धरून बसलो होतो. आता पोरीलाही तसंच काढलं, असं मनानं घेतलं.

दुकानातली वीस-वीस किलोची तीन लोखंडी वजनं गाडीत टाकली. वजनमापाच्या खात्याचा शिक्का मारलेली, म्हणजे ज्यांच्यावर वाद चालत नाही अशी.

धावपट्टीच्या फाटकाशेजारच्या शेडमध्येच वजन घेत होते. तिथल्या सार्जंटनं गाडीत डोकावून बघितलं.

"शेठ, हे काय आणलंत?"

"वजनं. तुमचा काटा तपासायचाय."

"इतक्या सकाळी?"

"मी रोज सकाळीच तपासतो. तुम्ही कधी तपासला होता?"

मग मी जे बोललो ते लिहायला नको, पण त्यातलं एक वाक्य सगळ्या शिबिरानं ऐकलं. "माझी पोरगी काय तुरीचं पोतं हाय का, वजनातून मनाला येईल तेवढा कडता कापायला?" आवाज ऐकून अधिकारी बाहेर आले. माझ्यापेक्षा लहान वयाचे, डोळ्यांवरून दमलेले दिसत होते. वाद न घालता सार्जंटला म्हणाले, "रखवाइए."

तिन्ही वजनं मीच उचलून काट्यावर ठेवली. साठ किलो. काटा अठ्ठावन्नावर थांबला.

पहिल्या क्षणी मला आनंदच झाला. काटा खोटा निघाला होता. तेवढ्यात गलका ऐकून आलेली मुलगी हळूच म्हणाली, "पप्पा, हा कमी दाखवतोय."

दवाखान्यातून दुसरा, बॅटरीवरचा काटा आणला. मुलगी चौऱ्याहत्तर भरली. तिच्यामागं पिशोरची एक मुलगी उभी होती. शिबिरात दोघींच्या खाटा शेजारी. ती जुन्या काट्यावर एकोणसत्तर भरून पास झालेली. नव्यावर एकाहत्तरच्या वर गेली. सार्जंटनं यादीतून तिचं नाव खोडलं. ती रडली नाही. बुटांची नाडी सोडून परत बांधत राहिली.

अधिकाऱ्यांनी मला खुर्ची दिली. ते मराठीत म्हणाले, "तुमच्यामुळं चूक कळली. उद्या दुसरे वैमानिक येतायत, अंगानं हलके आहेत. त्यांच्याबरोबर वजनदार कॅडेट चालेल. पण वारा सुटायच्या आत एकच फेरी जास्तीची बसेल. ती तुमच्या मुलीला देतो."

"दोन बसवा साहेब. अर्धी-अर्धी करा."

"इथं घासाघीस नाही चालत."

"सर," मुलगी म्हणाली, "ही पास झाली होती. मी नव्हते झाले. ती फेरी तिची आहे."

मी तिच्याकडं बघितलं. "अगं, शेवटचं शिबिर हाय तुझं."

"तिचं पण शेवटचंच हाय. तुम्ही वजनं आणली नसती तर ती उद्या बसली असती ना?"

एवढ्या वर्षांत माझ्याशी भाव ठरवताना कुणी माझं तोंड असं बंद केलं नव्हतं. अधिकाऱ्यांनी यादीत पिशोरच्या मुलीचं नाव परत लिहिलं.

निघताना मी सार्जंटला विचारलं, "हा काटा किती जुना?"

"माझ्या आधीपासून हाय, शेठ. रंग तेवढा दरसाल देतो."

तोच असेल का, सांगता येत नाही. तोच असेल आणि तेव्हाही कमी दाखवत असेल, तर त्या दिवशी माझं खरं वजन पुरेसं होतं. मला कुणी मुद्दाम काढलं नव्हतं. हे कळून मला काही हलकं वाटलं नाही.

दुसऱ्या दिवशी दुकान उघडलं नाही. कुंपणाबाहेर गाडीला टेकून बघत राहिलो. पिशोरची मुलगी विमानात बसली. माझी मुलगी धावपट्टीच्या कडेला वाऱ्याची दिशा दाखवणाऱ्या कापडी पिशवीजवळ उभी होती, तिथं उभं राहायचं काम तिला दिलं होतं. विमान वर गेलं, दौलताबादच्या बाजूला वळलं, बारीक झालं. तिनं मान खाली घेतली नाही. मी मात्र विमानाकडं कमी आणि तिच्याकडंच जास्त बघितलं.

शिबिर संपल्यावर तिला घ्यायला गेलो. ट्रंक मागं टाकली. वजनं अजून गाडीतच होती, प्रत्येक वळणाला एकमेकांवर आदळत होती. चिकलठाण्यापर्यंत ती वळून वळून त्यांच्याकडं बघत होती. मग म्हणाली, "पप्पा, ती वजनं बांधून तरी ठेवायची ना."

मी गाडी कडेला घेतली, मागं गेलो आणि तिच्या ट्रंकेच्या दोरीनं ती बांधली.