काट्यावरचा माणूस

थोरले दादा तुरुंगातल्या नोकरीतून निवृत्त होऊन पुसेगावला आले, त्या वर्षीची गोष्ट. सोयाबीनची पोती मोजून झाली की काट्यावर आपणही उभं राहायचं, ही आमच्या घरातली जुनी मौज. मी ढेरी सावरत चढलो.

"दादा, बघा बरं, वाढलो का?"

सगळे हसले. दादांचा चेहरा मात्र उतरला. "खाली उतर आधी!"

"काहून? काटा मोडन का?"

ते पोत्यावर बसले. "फाशीच्या आधी एका कैद्याला मीच तोललं होतं. त्याच्या दीडपट वजनाचं वाळूचं पोतं लटकवून दोर तपासतेत. त्यानंबी हसून इचारलं, साहेब, वाढलो का? मी व्हय म्हणलो. लेकरावानी खूश झाला रे."

मी उतरलो.

"तवापासून घास गिळवत न्हाई. काय करू, सांग."

घरभर गोष्टी सांगत फिरणाऱ्या मी काटा ओढून पोत्यांमागे ठेवला आणि दादांच्या शेजारी बसलो.