काळ्या कापडाचं काम

"आपण बरं, आपलं काम बरं," हे मास्तरांचं आयुष्यभराचं वाक्य. कामात खोट नव्हतीच. शिवण उसवली म्हणून त्यांच्या दुकानात कुणी परत आलं नाही. जुन्या राजवटीत तुरुंगाचं काम मिळालं, तेही त्यांनी तितक्याच पक्क्या हाताने केलं: जाड काळ्या कापडाच्या, तोंड आवळता येणाऱ्या पिशव्या. "बटाट्यांसाठी असतील," बायको म्हणाली होती. आता बटाट्यांना दुहेरी अस्तर कोण लावतं? पण घरात सगळ्यांनीच तोंडात मिठाची गुळणी धरलेली, विचारणार कोण!

राजवट गेली. त्या पिशव्या माणसांच्या डोक्यावर चढवायचे, हे जगजाहीर झालं. आणि लेकीने लग्न केलं ते नेमकं त्याच तुरुंगातून सुटून आलेल्या माणसाच्या मुलाशी. आता बोला!

महिनाभर तिचं एकच टुमणं. "बाबा, सासऱ्यांना सांगून टाका. त्यांच्या शेजारी बसून घास उतरत नाही माझ्या घशाखाली."

"झाकली मूठ सव्वा लाखाची," आई म्हणाली. "तुझा संसार आहे तिथे."

"शिवल्या तुम्ही, तर सांगायचंही तुम्हीच."

मास्तर थकले होते. भांडायचंही त्राण उरलं नव्हतं.

रविवारी ती सासऱ्यांना सदऱ्याचं माप द्यायला दुकानात घेऊन आली.

"पुढून पूर्ण उघडणारा शिवा, मास्तर," व्याही म्हणाले. "डोक्यावरून काही घालवत नाही."

मास्तरांनी गळ्याभोवती धरलेली टेप खाली घेतली. "व्याहीबुवा, त्या पिशव्या आम्ही शिवल्या."

व्याही मशीनच्या स्टुलावर बसले.

"नाडीच्या टोकाला एक गाठ असायची," ते म्हणाले. "बारीकशी. हात मोकळे असले की तीच चाचपत बसायचो. ही गाठ मारणाऱ्याला पिशवी कशासाठी ते ठाऊक असेल का, असं वाटायचं. कोण मारायचं ती?"

गाठी लेक मारायची, शाळेतून आल्यावर. दहा वर्षांची पोर, बोटं नाजूक, म्हणून गाठही बारीक. ती हे विसरली असेल, अशी मास्तरांनी स्वतःची समजूत घातली होती. आता दारात उभ्या असलेल्या तिचा चेहरा पाहिला आणि कळलं, ती काही विसरली नव्हती.

"मीच," मास्तर म्हणाले.

लेक काहीच बोलली नाही. मास्तरांना तिचा राग आला नाही. शेवटी ही आपलीच पोर निघाली, एवढंच मनात आलं, आणि फार वाईट वाटलं.