नऊवर टाकलेला हात

२००४, ऑगस्टमधला एक मंगळवार. रेकॉर्ड रूममध्ये हजर: मी; समोरच्या टेबलावर निवृत्तीला आलेले आमचे जुने कारकून, ज्यांना सगळं हॉस्पिटल काका म्हणायचं; केसपेपरचा गठ्ठा घेऊन आलेल्या ओपीडीच्या सिस्टर; आणि सिस्टरांच्या मागे, ओली छत्री दाराबाहेर ठेवावी की आत आणावी या विचारात उभी असलेली अर्नाळ्याची एक बाई. गैरहजर: वीज.

अशी हजेरी मी रोज डायरीत लिहायचे. खाली दिवसाची कामं, संपलेल्या कामावर रेघ. उरलेलं काम दुसऱ्या दिवसाच्या पानावर. चाळिशी ओलांडल्यावर डोक्यात काही राहत नाही, कागदावर राहतं.

वसईतल्या त्या ट्रस्टच्या हॉस्पिटलात माझं काम होतं आजारांना कोड लावण्याचं. डॉक्टर केसपेपरवर आजार शब्दांत लिहीत. आम्ही तो शब्द जाडजूड पुस्तकात शोधायचा आणि पेपरच्या कोपऱ्यात एक अक्षर आणि आकडे लिहायचे. महिनाअखेर बेरजा वर जायच्या. नियम एकच, पण पक्का: डॉक्टरांनी लिहिलं नाही ते आपल्या मनाने घालायचं नाही. पेशंट समोर उभा राहून सांगत असला तरी नाही.

पुस्तकात बहुतेक आजारांच्या शेवटी एक नऊ असतो. नऊ म्हणजे आजार आहे, पण नेमका कोणता किंवा कशामुळे ते लिहिलेलं नाही. काका नऊला धर्मशाळा म्हणत. "कुठे जागा मिळत नाही? टाका नऊवर. निदान रात्रीपुरतं छप्पर."

हाताच्या तक्रारी तर सर्रास नऊवर जात. हाताच्या शिरांवर, म्हणजे स्नायूंना हाडाशी बांधणाऱ्या दोऱ्यांवर, पातळ म्यान असतं. सांध्यांनाही आतून तसंच अस्तर असतं. त्याला सूज आली की अंगठा उचलत नाही, बोट अडकतं, मूठ वळत नाही. पुस्तकात अडकणाऱ्या बोटाचा कोड वेगळा, अंगठ्याच्या मुळाचा वेगळा, आणि सतत एकच काम करून झालेली सूज तर निराळ्याच पानावर. पण ओपीडीत बाहेर रांग असते. डॉक्टर लिहिणार 'टेनोसायनोव्हायटिस, हात'. झालं. एम पासष्ट पॉइंट नऊ. पावसाळ्यात तो आकडा मी इतक्या वेळा लिहायचे की माझाच अंगठा दुखायचा. पण मी केसपेपर काढला नव्हता.

सिस्टर आमच्याच भागातल्या, वाघोलीकडच्या. त्यांनी बाईला हाताला धरून आत आणलं. "ये गो, लाजू नको. मॅडम, हिचे दोन पेपर बघा जरा. एकावर डावा, एकावर उजवा."

मी दोन्ही पेपर शेजारी ठेवले. पहिला मंगळवार-शुक्रवार येणाऱ्या हाडांच्या डॉक्टरांचा: डावा हात. दुसरा पुढच्या आठवड्यात ड्यूटीवरच्या डॉक्टरांचा: उजवा हात. आजार एकच, कारण दोन्हींवर नाही.

"नक्की कोणता दुखतो?" मी विचारलं.

"उजवा. पयल्यापासून उजवाच."

बाईने हात पुढे केला. अंगठ्याच्या मुळाशी, मनगटाच्या वर, फुगवटा स्पष्ट दिसत होता. गोखिवऱ्यातल्या एका लहान कारखान्यात ती बकलं बनवण्याच्या हँडप्रेसवर होती. उजव्या हाताने दांडा खाली ओढायचा, सोडायचा, परत ओढायचा. तिला पॅकिंगच्या टेबलावर बदली हवी होती. सुपरवायझर म्हणाला होता, दुखणं कामामुळे आहे असा हॉस्पिटलचा कागद आण, देतो बदली. नाहीतर काम सोड. नवऱ्याची होडी दुसऱ्याच्या मालकीची, घरात दोन मुलं शिकणारी. काम सोडणं तिच्या हिशेबात बसत नव्हतं.

"दोन कागद नेले मी," ती म्हणाली. "तो सगळ्यांसमोर बोलला, आज डावा, उद्या उजवा, पायाला कधी येनार?"

काकांना हसू आलं, त्यांनी चष्मा पुसायला घेतला.

"पण पहिल्यांदा डॉक्टरांना डावा का दाखवलात?"

ती माझ्याकडे अशी बघायला लागली जणू मीच काहीतरी चमत्कारिक विचारलं. "बोलले, हात दाखवा. डाक्टर आधी नाडी बघतात ना? बाईमानसाची डावीच बघतात. आमच्या गावातला वैद्य माझ्या आयची पन डावीच बघायचा. मी डावा दिला. त्यांनी दाबला, विचारलं दुखतो? मी बोलले, दुखतो."

"डावा दुखत नव्हता ना पण?"

"हात दुखतो, ते विचारलं. मंग मी वाट बघली, आता उजवा मागतील."

"मग?"

"मंग पुढचा नंबर पुकारला."

सिस्टर कपाळाला हात लावून म्हणाल्या, "बघा. आमच्याकडच्या म्हाताऱ्या अजून असंच करतात. पण तू तर तरणीताठी गो!"

दोन पेपर एकमेकांना खोटं पाडत असतील तर कोड करणाऱ्याने शंकेची चिठ्ठी लिहायची आणि डॉक्टरांकडे पाठवायची. उत्तर येईपर्यंत चिठ्ठीची नक्कल माझ्या टेबलाशेजारच्या खिळ्यावर. मी लिहिलं: हात कोणता? आजार कामातील सततच्या वापरामुळे आहे काय? मंगळवार होता, हाडांचे डॉक्टर आले होते, पण ऑपरेशनमध्ये होते. बाई बाहेरच्या बाकावर बसून राहिली. तिची कारखान्यातली दुपारची पाळी बुडाली. जेवणाच्या सुट्टीत काकांनी तिला आपल्या डब्यातली पोळी देऊ केली, तिने घेतली नाही.

चारच्या सुमाराला डॉक्टर आले. उभ्या उभ्याच तिचा उजवा हात बघितला, अंगठा मुठीत घ्यायला सांगून मनगट वाकवलं. ती ओरडली. "हं," म्हणाले, आणि पेपरवर लिहिलं: टेनोसायनोव्हायटिस, उजवा हात.

"सर, कारण?"

"कामामुळेच असणार मॅडम, मी कुठे नाही म्हणतो? पण मी तिला मशीनवर पाहिलंय का? लिहिलं की कारखान्याचा वकील मलाच विचारायला येणार. एकदा कोर्टात दिवसभर बसून आलोय, पुरे झालं."

"कारखाना म्हणतो, आधी हॉस्पिटलने लिहावं."

"मग तुमच्यापैकी कोणीतरी जाऊन बघा, ती काय करते, कसं ओढते ते लिहून आणा. मी वाचतो, सही करतो. शब्द देतो."

ते गेले. हाताचा प्रश्न सुटला होता, कारणाचा नाही. कारण नसेल तर ते निराळं पान मला उघडता येत नव्हतं. मी कोपऱ्यात लिहिलं, एम पासष्ट पॉइंट नऊ. बाई माझ्या पेनाकडे बघत होती.

"झालं?"

"हात कोणता ते झालं. कामामुळे आहे, ते व्हायचंय. मी एकदा येऊन तुमची मशीन बघते."

"या ना. गोखिवऱ्यात कोनाला पन विचारा, बकलवाला कुठं."

डायरीत मी नोंद केली: गोखिवरे, हँडप्रेस, पाहून लिहिणे. त्या आठवड्यात महिनाअखेर आली. मग लेप्टोच्या तापाचे पेशंट वाढले, रोज संध्याकाळी आकडे कळवायचे होते. मग गणपती. मग काका निवृत्त झाले आणि त्यांच्या जागी कोणी आलं नाही, त्यांचे गठ्ठे माझ्या टेबलावर आले. रविवारी माणिकपूरच्या घरी पाण्याचा टँकर यायचा, त्याच्यासाठी कोणीतरी घरात लागायचं. प्रत्येक पानावरून ती ओळ पुढच्या पानावर जात राहिली.

दिवाळीनंतर ती परत आली. या वेळी छत्री नव्हती, डावा हात पदरात गुंडाळलेला होता.

"बदली दिली?" मी विचारलं.

"नाय." ती बाकावर बसली. "कागद वाचला त्याने. बोलला, उजवा लिवलाय ना? मंग डाव्याने ओढ. मशीनच फिरवून दिली माझ्यासाठी. सगळ्या पोरी हसत व्हत्या. बोलल्या, राणीसाठी तख्त फिरवलं."

तिने पदर सोडला. डाव्या अंगठ्याच्या मुळाशी तोच फुगवटा. उजवा अर्धवट बरा झाला होता, म्हणजे चहाचा कप धरता येत होता.

"आता कोनता बी हात पुढं केला तरी चालतंय," ती म्हणाली. हसली नाही.

त्या दिवशी ओपीडीत नवे डॉक्टर होते. त्यांनी नीट, स्वच्छ अक्षरात लिहिलं: टेनोसायनोव्हायटिस, हात. शब्द दिलेल्या डॉक्टरांनी दिवाळीपासून आमच्याकडे येणं बंद केलं होतं. ते आता बोरिवलीला बसत. सिस्टरांनी त्यांचा फोन मिळवून मला दिला. मी फोन केला. त्यांना बाई आठवली.

"मॅडम, मी म्हटलं होतं ना? तुम्ही लिहून आणा, मी इथून सही करून पाठवतो."

"आणते, सर."

बाहेर येऊन मी तिला सांगितलं की डॉक्टर सही करायला तयार आहेत. तिने फक्त विचारलं, "म्हंजे तुमी येनार?"

"येणार."

"शनवारी या. शनवारी मालक नसतो, मशीनजवळ उभं ऱ्हाता येतं."

ती रिक्षास्टँडकडे गेली. मी टेबलावर येऊन केसपेपरच्या कोपऱ्यात नऊ लिहिला. खिळ्यावर नवी चिठ्ठी जुनीच्या वर टोचली. येत्या शनिवारी दुपारी जिल्ह्याचे लोक रेकॉर्ड तपासायला येणार होते, म्हणून त्याच्या पुढच्या शनिवारचं पान उघडलं आणि सगळ्यात वर लिहिलं: गोखिवरे, हँडप्रेस, पाहून लिहिणे.

त्या ओळीवर अजून रेघ मारायची आहे.